अपंगत्व, स्त्रीवाद आणि क्वीअर थिअरी एकत्र कसं वाचायचं

जेंडर स्टडीज शिकणारे, स्त्रीवादी किंवा एलजीबीटी ग्रुपमध्ये काम करणारे, स्वतः अपंग असणारे, असे बरेच जण विचारतात की डिसॅबिलिटी स्टडीज (अपंगत्वाचा समाज आणि राजकारणाच्या अंगाने अभ्यास) वाचायचंय पण सुरुवात कुठून करू, आणि त्याचा फेमिनिझमशी नि क्वीअर थिअरीशी (लैंगिकतेत नि जेंडरमध्ये "नॉर्मल" काय यालाच प्रश्न विचारणारा विचार) नेमका संबंध काय. होतं असं की तीन विषयांच्या तीन याद्या हातात पडतात, माणूस तिन्ही थोड्या थोड्या चाळतो आणि शेवटी पेपरमध्ये "अपंग स्त्रियांवर दुहेरी अन्याय होतो, अपंग क्वीअर स्त्रियांवर तिहेरी" असं एक वाक्य टाकून मोकळा होतो. अशी अन्यायाची बेरीज करून काहीही हाती लागत नाही हे माझं स्पष्ट मत आहे. या तिन्ही विचारांच्या मुळाशी एकच प्रश्न आहे: "नॉर्मल" शरीर कुठलं हे कोणी ठरवलं, आणि ते ठरवल्यामुळे कुणाचं काय गेलं. हा प्रश्न धरून वाचायला बसलात की तीन याद्यांची एकच यादी होते. ते कसं करायचं ते खाली लिहितेय.

आधी दोन मॉडेल पक्की करून घ्या

मेडिकल मॉडेल म्हणतं की अडचण माणसाच्या शरीरात किंवा मनात आहे, ती डॉक्टरांनी दुरुस्त करायची, नाही झाली तर त्या माणसाचं नशीब. सोशल मॉडेल म्हणतं की शरीरात काहीतरी कमी असेल, वेगळं असेल, पण माणसाला अपंग करतात त्या पायऱ्या, ते अरुंद दरवाजे, ती नोकरी नाकारणारी माणसं. हा फरक ब्रिटनमधल्या यूपीआयएएस नावाच्या अपंगांच्या संघटनेने १९७६ मध्ये ठामपणे मांडला, आणि "सोशल मॉडेल" हे नाव १९८३ मध्ये माईक ऑलिव्हरने रूढ केलं. चळवळीला याचा प्रचंड फायदा झाला, कारण लाज वाटून घेणारा माणूस हक्क मागायला लागला.

पण खूप जण इथेच थांबतात, तुम्ही थांबू नका. रॅम्प बांधला म्हणून रात्रभर ठणकणारी पाठ ठणकायची थांबते का? हा प्रश्न प्रामुख्याने अपंग स्त्रीवादी बायकांनी विचारला, जेनी मॉरिस, लिझ क्रो, सुझन वेंडेल यांनी. वेंडेल स्वतः तत्त्वज्ञानाच्या प्राध्यापक, १९८५ मध्ये त्यांना एमई हा थकवून टाकणारा दीर्घ आजार झाला, आणि त्यांनी लिहिलं की दुखणं, थकवा, औषधं हे सगळं "खाजगी" म्हणून बाजूला ठेवलं तर आजारी बायकांचा अर्धा अनुभवच सिद्धांताबाहेर राहतो. आता यातली स्त्रीवादाची चाल ओळखा. जे घरातलं, जे शरीरातलं, जे बोलायचं नसतं तेच राजकारण आहे, हे स्त्रीवाद आधीपासून म्हणत होताच. पुढे ॲलिसन केफर या अभ्यासिकेने २०१३ च्या पुस्तकात यातून वाट काढली. त्यांच्या मते फक्त पायऱ्याच राजकीय असतात असं नाही, आजार, निदान, उपचार, बरं व्हायची इच्छा हेही राजकीयच आहे आणि माणसामाणसांतल्या नात्यांतून घडतं. म्हणजे वेदना कमी व्हावी म्हणून तुम्ही गोळी घेऊ शकता आणि "बरं होणं हेच एकमेव चांगलं भविष्य" या विचाराला विरोधही करू शकता, दोन्ही एकाच वेळी. हे नीट डोक्यात बसलं की पुढचं खूप सोपं जातं.

कुठल्या क्रमाने वाचायचं

क्रिप थिअरी, म्हणजे अपंगत्व आणि क्वीअर विचार एकत्र मांडणारा विचार, हे नाव ऐकून (क्वीअरसारखाच क्रिप, म्हणजे "पांगळा", हाही आधी अपमानाचा शब्द, जो लोकांनी स्वतःहून उचलला) लगेच रॉबर्ट मक्रूअर यांचं २००६ चं पुस्तक उघडू नका, भाषा जड आहे, क्वीअर थिअरीची ओळख गृहीत धरलेली आहे आणि अर्ध्यात सोडून द्याल. माझा सल्ला असा की रोझमरी गार्लंड-थॉमसन यांच्या २००२ च्या निबंधापासून सुरू करा. स्त्रीवादी सिद्धांतात अपंगत्व आणलं तर तो सिद्धांतच कसा बदलतो हे त्या चार जागांवर दाखवतात: प्रतिमा, शरीर, ओळख आणि चळवळ. या चार जागा वहीत चार रकाने करून लिहून ठेवा, पुढे जे काही वाचाल त्यातलं कुठलं वाक्य कुठल्या रकान्यात बसतं ते बघत जा, महिन्याभरात तुमच्याच नोट्समधून पेपरचा सांगाडा तयार होईल.

त्यानंतर ऑड्री लॉर्ड यांचं १९८० चं "द कॅन्सर जर्नल्स". हे डिसॅबिलिटी स्टडीजच्या कपाटात नेहमी सापडत नाही, पण तिन्ही विचार एका शरीरात एकत्र आलेले बघायचे असतील तर याच्याइतकं चांगलं काही नाही. लॉर्ड काळ्या, लेस्बियन, कवयित्री. ब्रेस्ट कॅन्सरमुळे स्तन काढला आणि त्यांनी ब्रामध्ये कृत्रिम स्तन घालायला नकार दिला. डॉक्टरच्या दवाखान्यातली नर्स त्यांना म्हणाली की ते घालत जा, नाहीतर इथल्या बाकीच्यांचं मनोधैर्य खचतं. यावर लॉर्ड मोशे दायानचं उदाहरण देतात, त्या इस्रायली नेत्याच्या डोळ्यावर पट्टी असायची आणि त्याला कोणी म्हणत नव्हतं की जा काचेचा डोळा बसवून ये, तो लढाईत जखमी झालेला वीर होता. त्या एका उताऱ्यावर थांबा, दोनदा वाचा. दोघांच्याही शरीराचा एक भाग गेलाय. पुरुषाचं गेलेलं अंग शौर्याची खूण ठरतं आणि बाईचं गेलेलं अंग बघणाऱ्याची गैरसोय ठरतं, आणि वर ती गैरसोय झाकायची जबाबदारी तिचीच. शिवाय कृत्रिम स्तन घालून तिने कुणासाठी "पूर्ण बाई" दिसायचं, हा प्रश्न लेस्बियन बाईने विचारला की त्याला आणखी धार येते.

मग केफर यांच्या पुस्तकाची प्रस्तावना, आणि त्यानंतर मक्रूअर. तोपर्यंत तुम्ही तयार झालेले असाल.

मक्रूअरचा मुद्दा असा वापरा

ॲड्रिएन रिच यांनी १९८० मध्ये लिहिलं की बाईने पुरुषावर प्रेम करणं ही नैसर्गिक निवड वाटते खरी, पण सगळी समाजव्यवस्था तिला तिकडेच ढकलत असते, म्हणजे ती सक्ती आहे. मक्रूअरनी तोच धागा धडधाकट शरीराला लावला. धडधाकट असणं हीसुद्धा सक्तीच आहे, आणि ती दिसत नाही कारण ती निवडीच्या वेषात येते. अपंग माणसाकडून समाज सतत एकच उत्तर ऐकू पाहतो, "हो, मलाही तुमच्यासारखं व्हायला आवडलं असतं." त्याने ते उत्तर दिलं नाही की समोरचा अस्वस्थ होतो. गे माणसाला "पण तुला कधी नॉर्मल व्हावंसं नाही वाटत का" विचारतात ना, तोच प्रश्न, त्याच घरातून आलेला.

आणि मक्रूअर म्हणतात की या दोन सक्ती एकमेकींच्या टेकूवर उभ्या आहेत. हे पटायला सिनेमा सगळ्यात सोपा. ते स्वतः १९९७ च्या "ॲज गुड ॲज इट गेट्स" चं उदाहरण घेतात. त्यात नायकाला ओसीडी (तेच ते विचार नि कृती थांबवता न येण्याचा मानसिक आजार) आहे, आणि नायिकेशी प्रेम जुळत जातं तसतशी ती ओसीडी ओसरत जाते, आणि शेजारी राहणारा गे चित्रकार, ज्याला मारहाणीत जबर दुखापत झालीय, तो या दोघांचं जुळवायला हातभार लावून बाजूला होतो. तुम्ही कुठलाही सिनेमा, मालिका, कादंबरी घेऊन हेच करून बघू शकता. शेवटच्या दृश्यात कोण बरं झालं, कुणाचं लग्न ठरलं, आणि ते दोन्ही एकदम घडलं का? अपंग पात्राला स्वतःची इच्छा आहे का, की ते दुसऱ्या कुणाला शहाणपण यावं म्हणून तिथे बसवलंय? त्याला स्पर्श कोण करतं, फक्त नर्स आणि आई का? अपंग बाई असेल तर ती एकतर देवीसारखी निरिच्छ किंवा एकदम भोगवस्तू, मधली साधी बाई कुठे गेली? अशा प्रश्नांची उत्तरं लिहिताना दृश्य नेमकं सांगा, कॅमेरा कुणाच्या डोळ्यांच्या उंचीवर आहे, व्हीलचेअर कोण ढकलतंय आणि तिला न विचारता ढकलतंय का. "चित्रण नकारात्मक आहे" एवढंच लिहिलंत तर ते समीक्षण होत नाही.

एक केस खोलात जाऊन घ्या

फक्त सिनेमावर थांबलात तर हे सगळं प्रतिमांचं भांडण वाटेल, म्हणून एक तरी कायद्याची किंवा हॉस्पिटलची केस पूर्ण वाचा. मी कॅरी बक सुचवीन. व्हर्जिनियातली गरीब घरातली मुलगी, सांभाळायला दिलेल्या दुसऱ्या कुटुंबात वाढलेली, त्या कुटुंबाच्या नात्यातल्या माणसाने तिच्यावर बलात्कार केला आणि ती गरोदर राहिली. कुटुंबाने तिला "मंदबुद्धी" ठरवून संस्थेत पाठवलं, तिची आई एमा आधीपासून तिथेच होती. १९२४ मध्ये व्हर्जिनियाने अशा लोकांची सक्तीने नसबंदी करायचा कायदा केला आणि तो कोर्टात टिकतो का हे बघायला कॅरीचीच निवड झाली. १९२७ मध्ये अमेरिकन सुप्रीम कोर्टाने ८ विरुद्ध १ मतांनी कायदा योग्य ठरवला, न्यायमूर्ती होम्स यांनी लिहिलं की मूढांच्या तीन पिढ्या पुरे झाल्या. तिसरी पिढी म्हणजे कॅरीचं तान्हं बाळ, व्हिव्हियन. त्याच वर्षी कॅरीची नसबंदी झाली. व्हिव्हियन पुढे शाळेत गेली, तिचं नाव ऑनर रोलवर, म्हणजे चांगले मार्क मिळवणाऱ्या मुलांच्या यादीत लागलं, आणि आठ वर्षांची असताना ती आजारपणात वारली.

आता ही केस वाचताना एक सोपी चूक टाळा. बहुतेक जण म्हणतात, "बघा, ती मंदबुद्धी नव्हतीच, केवढा अन्याय." अन्याय तर आहेच. पण या वाक्याचा दुसरा अर्थ असा होतो की ती खरंच बौद्धिक अपंग असती तर नसबंदी चालली असती. इथेच तीन विचार एकत्र लागतात. स्त्रीवाद विचारतो की बलात्कार झालेली मुलगी "चालचलन वाईट" म्हणून संस्थेत जाते आणि बलात्कारी घरीच राहतो, हे कसं. क्वीअर थिअरी विचारते की लग्नाबाहेरची गर्भधारणा हाच बुद्धी कमी असल्याचा पुरावा कसा झाला, लैंगिक वागणुकीवरून निदान करायचा अधिकार कुणाचा. आणि डिसॅबिलिटी स्टडीज विचारतं की बुद्ध्यांक काहीही असो, कुणाच्याही शरीराला तिच्या संमतीशिवाय हात लावायचा हक्क कायद्याला मिळाला कसा. एक जरी प्रश्न गाळलात तरी केस अर्धी राहते, करून बघा.

हे जमलं की स्वतःहून दुसरी केस घ्या. सिॲटलमधली "ॲशली ट्रीटमेंट" ही केस केफर यांनी एका प्रकरणात तपशिलात घेतलीय. २००४ मध्ये सहा वर्षांच्या अपंग मुलीची वाढ हार्मोन देऊन थांबवली, गर्भाशय काढलं, स्तन वाढू नयेत म्हणून त्यांचे सुरुवातीचे उंचवटे काढले. आधी स्वतःचं टिपण लिहा, मगच केफर यांचं प्रकरण वाचा.

"आम्ही आजारी नाही" हे वाक्य दिसलं की थांबा

मला स्वतःला हा भाग सगळ्यात महत्त्वाचा वाटतो, कारण इथे आपल्याच चळवळी तपासाव्या लागतात. बायकांना मताधिकार नको म्हणणारे सांगत की बायका नाजूक, भावनाप्रधान, त्यांचं डोकं आणि प्रकृती राजकारणाला झेपणार नाही. बायकांनी उत्तर दिलं की आम्ही दुबळ्या नाही, आम्ही सक्षम आहोत. इतिहासकार डग्लस बेंटन यांनी २००१ मध्ये दाखवलं की स्त्रिया, काळे लोक, स्थलांतरित, सगळ्यांच्या बाबतीत विरोधक अपंगत्वाचा आरोप करत आणि सगळे उत्तर देत की तो आरोप आम्हाला लागू नाही, पण अपंग असलं म्हणून हक्क का नाकारायचा हे फारसं कोणी विचारतच नसे. क्वीअर चळवळीतही हेच दिसतं. १९७३ मध्ये अमेरिकन सायकिॲट्रिक असोसिएशनने समलैंगिकता आजारांच्या यादीतून काढली, जागतिक आरोग्य संघटनेने १९९० मध्ये, आणि ट्रान्स असण्याला मानसिक विकारांच्या प्रकरणातून बाहेर काढणारी आयसीडी-११ ही याच संघटनेची आजारांची नवी यादी तर २०२२ मध्ये लागू झाली. हे सगळे मोठे विजय आहेत, लोकांचे विजेचे शॉक आणि डांबून ठेवणं यांतून जीव सुटले, त्याला कमी लेखायचं काहीच कारण नाही. फक्त वाचताना बघा की "आम्ही वेडे नाही" म्हणताना ज्यांना खरंच स्किझोफ्रेनिया किंवा बायपोलर आहे त्यांना कुठे सोडलं. पेपरमध्ये हा प्रश्न दोषारोप न करता विचारता येतो, त्या काळी ती मागणी का लागली हे सांगून मग विचारा.

याच्या जवळचाच मुद्दा कमिंग आउटचा, म्हणजे आपली लपलेली ओळख उघड करण्याचा. एलन सॅम्युअल्स यांनी २००३ मध्ये न दिसणाऱ्या अपंगत्वावर लिहिलंय, की लेस्बियन म्हणून आउट होणं आणि आजारी म्हणून आउट होणं सारखं वाटतं पण पूर्ण सारखं नाही, दुसऱ्यात लोक पुरावा मागतात. जिथे जिथे तुम्ही "हे अगदी क्वीअर असण्यासारखंच आहे" असं लिहाल तिथे एकदा फरकही लिहा.

जिथे खरंच भांडण आहे तिथे

दोन ठिकाणी हे विचार एकमेकांना भिडतात आणि तिथे गुळमुळीत लिहून चालत नाही. पहिलं गर्भपात. गर्भपाताचा हक्क हवाच, आणि गर्भात अपंगत्व आढळलं की गर्भपात हाच शहाणपणा असं सगळ्यांनी धरून चालणं हाही भेदभाव. एड्रिएन ॲश या अंध विचारवंत गर्भपाताच्या हक्काच्या बाजूच्या होत्या आणि तरी निवड करण्यासाठी होणाऱ्या तपासण्यांवर त्यांनी सातत्याने टीका केली. त्यांची मांडणी वाचा म्हणजे कळेल की बाईचा हक्क काढून न घेताही डॉक्टरने दिलेली माहिती, समुपदेशन, मुलाला वाढवायला मिळणारा आधार यावर प्रश्न विचारता येतात. दुसरं भांडण देखभालीचं. घरातल्या आजारी माणसाचं सगळं बायकांवर पडतं हे स्त्रीवाद्यांनी मांडलं ते खरंच, पण जेनी मॉरिस यांनी दाखवलं की त्या लिखाणात अपंग माणूस नुसता "ओझं" म्हणून येतो, आणि जिची देखभाल होते तीही बाईच असू शकते हे विसरलं जातं. आई म्हणून स्वतः देखभाल करणारी अपंग बाई तर त्या चित्रात दिसतच नाही.

भांडणाबरोबर एकत्र येण्याचंही उदाहरण हवं असेल तर टॉयलेट घ्या. सार्वजनिक ठिकाणी दारांवर पुरुष, स्त्री आणि व्हीलचेअर अशा तीन खुणा असतात, म्हणजे व्हीलचेअरवर बसलं की माणूस पुरुषही नाही नि बाईही नाही. ट्रान्स माणसाला पहिल्या दोन दारांत मार खायची भीती, अपंग माणसाला तिसरं दार कुलूपबंद. कॅलिफोर्नियाच्या सांता बार्बरा विद्यापीठात ट्रान्स आणि अपंग लोकांनी मिळून पिसार नावाचा गट केला आणि मोजपट्टी नि चेकलिस्ट घेऊन कॅम्पसवरची टॉयलेट तपासली, दाराची रुंदी, पेपर किती उंचीवर आहे, स्त्रीपुरुष दोघांना चालेल असं आहे का. तुमच्या कॉलेजात किंवा ऑफिसात हाच अभ्यास करता येतो आणि त्यातून जे कळतं ते दहा लेखांतून कळत नाही.

कुणाचं अपंगत्व, हे विचारायला विसरू नका

२००६ मध्ये ख्रिस बेल यांनी थेट लिहिलं की हे सगळं क्षेत्र गोऱ्यांचं झालंय. निर्मला एरेवेलेस, जसबीर पुआर यांनी विचारलं की युद्ध, गुलामगिरी, कारखान्यातली पिळवणूक यांतून जी अपंगत्वं तयार होतात त्यांचा अभिमान कसा साजरा करायचा. बॉम्बने पाय गेलेल्या माणसाला "वेगळेपण सुंदर आहे" सांगणं क्रूर आहे. तिथे आधी बॉम्ब कोणी टाकला ते विचारायचं, आणि तरी त्या माणसाचं आयुष्य संपलं असं म्हणायचं नाही. भारतातल्या अपंग स्त्रियांना स्त्री चळवळीनेही बाहेर ठेवलं हे अनिता घई यांनी मांडलंय. ही नावं "शेवटचं प्रकरण" म्हणून ठेवू नका, मक्रूअर वाचून झाल्या झाल्या वाचा, नाहीतर सवय वाकडी पडते.

ग्रुपमध्ये वाचत असाल तर

वाचन गट करणार असाल तर केफर यांचा क्रिप टाइमचा विचार तिथेच लागू करा, घड्याळात बसायला शरीर वाकवायचं नाही, शरीरासाठी घड्याळ वाकवायचं. म्हणजे वाचायचं कमी ठेवा, एका वेळी वीसेक पानं पुरे. पीडीएफ स्क्रीन रीडरवर (पडद्यावरचा मजकूर मोठ्याने वाचून दाखवणारं सॉफ्टवेअर) वाचता येते का ते आधी तपासा, कारण पानांचे नुसते फोटो काढलेली पीडीएफ स्क्रीन रीडरला सहसा नीट वाचता येत नाही. मध्ये ब्रेक ठेवा, झोपून ऐकायचं असेल तर ऐकू द्या, कॅमेरा बंद ठेवला तर कारण विचारू नका, आणि जो येऊ शकला नाही त्याच्यासाठी लिखित नोट्स ठेवा. कुणाला काय लागतं हे सगळ्यांनाच विचारा, फक्त जे अपंग "दिसतात" त्यांना नको.

आणि पेपर किंवा लेख लिहून झाला की पाठवायच्या आधी एकदा एवढंच बघा, की त्यात अपंग माणसं फक्त उदाहरण म्हणून आलीत का, म्हणजे त्यांच्याबद्दल लिहिलंय पण त्यांनी लिहिलेलं काहीच नाही. तसं असेल तर त्या परिच्छेदापाशी थांबा, त्याच मुद्द्यावर अपंग लेखिकेने किंवा लेखकाने काय म्हटलंय ते शोधून वाचा, आणि तुमचं मत त्याच्यापुढे टिकतंय का बघून मग तो परिच्छेद पुन्हा लिहा.